गुरुवारची खिडकी

॥ श्री गुरुदेव दत्त ॥

दत्तभक्तहो, जयंतीच्या अंकासाठी 'श्रद्धा आणि सार्वजनिक जीवन' या विषयावर चार शब्द लिहा, असं आमच्या विश्वस्त मंडळींनी सांगितलं. मी शास्त्री नाही, कीर्तनकार नाही. तेहेतीस वर्षं सरकारी कोषागारात कारकुनी केली आणि निवृत्तीनंतर मंदिराचा हिशेब लिहितो. पण या विषयात माझ्या हातून एक चूक झाली होती, आणि ती मला दत्तसंप्रदायातल्याच एका कथेनं दाखवून दिली. ती चूक आणि ती कथा, दोन्ही इथं मांडतो. कुणाच्या उपयोगी पडली तर श्रींची सेवा समजेन.

सुरुवात मुळापासून करू. दत्तप्रभूंचे चोवीस गुरू आपल्याला माहीत आहेत. पृथ्वी, वायू, आकाश इथपासून कोळी आणि कुंभारमाशीपर्यंत नावं आपली मुलंसुद्धा पाठ म्हणतात. पण ही शिकवण दिली कोणाला, हे आपण पटकन विसरतो. भागवताच्या अकराव्या स्कंधात ही कथा येते. भागवतात त्यांना नुसतं अवधूत म्हटलं आहे. परंपरेनं ते दत्तात्रेयच मानले. आणि समोर बसून ऐकणारा कोण? कुणी संन्यासी नाही, गुहेतला साधक नाही. ययातीचा मुलगा यदू, म्हणजे राजा. ज्याच्यामागं कारभार आहे, कोठार आहे, न्यायनिवाडा आहे, असा माणूस. आजच्या भाषेत सार्वजनिक जीवनातला माणूस.

यदूनं काय विचारलं, तेही पाहण्यासारखं आहे. तुम्ही जाणते आहात, समर्थ आहात, तरी काही मिळवायची धडपड करत नाही; सगळं जग कामलोभाच्या वणव्यात होरपळत असताना गंगेच्या पाण्यात उभ्या राहिलेल्या हत्तीसारखे तुम्ही शांत कसे? राजानं राज्य वाढवायचा उपाय विचारला नाही, शत्रूवर विजय मिळावा म्हणून अनुष्ठानही विचारलं नाही. आणि सगळी शिकवण सांगून झाल्यावर अवधूतांनी काय केलं? राजानं वंदन केलं, पूजा केली. ती स्वीकारून ते आले तसे निघून गेले. गाव इनाम मागितलं नाही, दरबारात जागा मागितली नाही, माझ्या पंथाला राजाज्ञेनं मान द्या असं म्हटलं नाही.

माझ्या अल्पमतीप्रमाणे आजच्या विषयाचा निम्मा अर्थ इथंच आहे. राजानं धर्माकडं जावं, पण शिकायला जावं. धर्मानं राजाकडं जावं, पण द्यायला जावं, घ्यायला नाही.

आता त्या चोवीस गुरूंपैकी कचेरीत, शाळेत, पंचायतीत काम करणाऱ्याच्या उपयोगाचे तीन पाहू.

पहिला सूर्य. तो किरणांनी पाणी वर ओढतो आणि वेळ आली की सोडून देतो. घेतलेलं त्याला चिकटत नाही. कोषागारात रोज लाखांची चलनं आणि बिलं हाताखालून जातात. त्यातला एक पैसा आपला नाही, आणि देण्याची वेळ आली की अडवून ठेवण्याचा हक्कही आपला नाही. 'वेळ आली की' हे शब्द महत्त्वाचे. पाऊस आषाढात पडायचा तो पौषात पडला, तर त्याचं कौतुक कोण करील?

दुसरा बाण करणारा कारागीर. बाण सरळ करण्यात तो इतका गुंग होता, की शेजारून राजा गेला तरी त्याला कळलं नाही. आपल्याकडं याचा अर्थ ध्यानात मन एकाग्र करावं एवढाच सांगतात. पण तो कारागीर ध्यानाला बसला नव्हता, आपलं काम करत होता. आणि आपल्या कचेरीत उलटं असतं. राजा, म्हणजे पुढारी, आला की सगळे उठून उभे, आणि हातातला बाण तसाच पडलेला.

तिसरी पृथ्वी. तिला तुडवलं, खणलं तरी ती आपला नेम सोडत नाही. तिच्यावरचे डोंगर आणि झाडंही दुसऱ्यासाठीच असतात. आणि पाय ठेवणाऱ्याला ती जात-पात, देव-धर्म विचारत नाही.

हे सगळं मला तरुणपणीसुद्धा पाठ होतं. तरी चूक झाली, ती अशी.

तीस-बत्तीस वर्षं झाली असतील. तालुक्याच्या गावी माझ्याकडं निवृत्तिवेतनाचं टेबल होतं. वाडीची वारी सुरू होती, गुरुवारचा उपास होता. कचेरीत भिंतीवर मी दत्तमहाराजांची तसबीर लावली. आधी नुसता हार घालत असे. मग उदबत्ती आली, मग आरती. वर्षभरात गुरुवारी बारा वाजता आमची आरती ठरूनच गेली. टाळ आले, पेढ्यांचा प्रसाद आला, शेजारच्या कचेरीतले लोक येऊ लागले. एक वाजायचा, आणि मग जेवणाची सुट्टी. म्हणजे गुरुवारी बारा ते दोन खिडकी बंद. कुणी तक्रार केली नाही. उलट 'तुमच्यामुळं ऑफिसात वातावरण पवित्र राहतं' असं लोक म्हणत. मला ते गोड वाटायचं, खोटं कशाला सांगू?

एक मुसलमान बाई होत्या, साठीच्या आसपासच्या. नवरा जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षक होता, तो वारला. कुटुंब निवृत्तिवेतन मंजूर होऊन कागद आमच्याकडं आले होते. पहिल्या वेळी प्रत्यक्ष हजर राहून ओळख पटवायची असते. सही किंवा अंगठा, फोटो, खुणा. वीस-पंचवीस मिनिटांचं काम. तेवढं झालं की पैसे सुरू. त्यांचं गाव आडबाजूला. आमच्याकडं गुरुवारी बाजार, म्हणून गावातल्या बायकांच्या सोबतीनं त्या गुरुवारीच यायच्या. एसटी पोचायची बाराच्या सुमाराला, परतीची दीडला. त्यानंतरची थेट संध्याकाळी, ती अंधारात पोचायची.

त्या दोनदा येऊन गेल्या. मला पत्ताच नव्हता. तिसऱ्या वेळी आरती झाल्यावर प्रसाद वाटत मी व्हरांड्यात आलो, तर चपला काढून बाजूला ठेवून त्या खांबाशी उभ्या होत्या. मी पेढा दिला, त्यांनी दोन्ही हातांनी घेतला. मी म्हटलं, "मावशी, काय काम होतं?" त्यांनी पिशवीतून कागद काढला आणि फार अदबीनं विचारलं, "साहेब, गुरुवार सोडून कुठल्या वारी येऊ? गुरुवारी तुमचं देवाचं असतंय. आत देवाचं चाललंय, आपण मध्ये कसं जायचं, म्हणून भाईर थांबले."

आवाजात राग नव्हता. राग असता तर मी उलट बोललो असतो आणि सुटलो असतो. मी कागदावरची तारीख बघितली. तीन महिने कागद माझ्या टेबलावर होता आणि तीन महिने त्या बाईंचं घर पैशावाचून चाललं होतं. तिथंच बसवून मी त्यांचं काम केलं. त्यांची दीडची गाडी मात्र चुकली.

त्या रात्री जेवण गेलं नाही. तरी मनात एक बचाव होताच. आपल्या संप्रदायात जनार्दनस्वामींची कथा आहे ना! दुसऱ्या दिवशी मंदिरात पोथी सांगणाऱ्या गुरुजींकडं गेलो. वयानं वडिलांसारखे, लहानपणापासून मला ओळखणारे. सगळं सांगितलं आणि वर म्हटलं, "पण गुरुजी, जनार्दनस्वामी देवगिरीचे किल्लेदार होते, तरी गडावर गुरुवार पाळायचेच की."

ही कथा सर्वांना ठाऊक असली तरी थोडक्यात सांगतो. जनार्दनस्वामी मूळचे चाळीसगावचे. निजामशाहीत देवगिरीचे, म्हणजे दौलताबादचे किल्लेदार. राज्यकर्ते मुसलमान, स्वामी थोर दत्तभक्त. गुरुवार हा त्यांचा उपासनेचा दिवस, आणि त्या दिवशी गडावर कामाला सुट्टी असे, असं परंपरा सांगते. पैठणचे एकनाथ लहान वयात त्यांच्याकडं आले ते तिथंच. आपण रोज म्हणतो ती दत्ताची आरती याच नाथांची. आणि यदू-अवधूतांचा संवाद मराठीत घरोघर पोचला तो नाथांच्या भागवतामुळं. अकराव्या स्कंधावरचा हा अठरा हजारांवर ओव्यांचा ग्रंथ त्यांनी शके १४९५, म्हणजे इसवी सन १५७३ मध्ये काशीला पूर्ण केला.

गुरुजींनी माझं बोलणं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "गडावर गुरुवारी सुट्टी होती. सगळ्यांना ठाऊक असलेली, धन्याच्या परवानगीची. गडाचा दरवाजा उघडा आहे असं सांगून स्वामी दरवाज्यामागं जाऊन बसत नव्हते. तुझ्या कचेरीच्या पाटीवर गुरुवारी बारा ते दोन बंद असं लिहिलंय का? आणि गुरुवारचा पगार घेतोस का सोडतोस?"

मी गप्प. मग ते म्हणाले, "कथा अर्धी वाचू नये. स्वामी समाधीत असताना गडावर परचक्र आलं, तर नाथांनी त्यांचा पोशाख चढवून गड राखला, असंही परंपरा सांगते. गुरूची पूजाही मोडू दिली नाही आणि गडही पडू दिला नाही. तुझ्या आरतीच्या वेळी खिडकीवर कोण होतं?"

खिडकीवर कोणीच नव्हतं.

"आणि अजून एक," गुरुजी म्हणाले. "नाथांना दत्तदर्शन कसं झालं?" मला कथा माहीत होती. दत्तप्रभू मलंग फकिराच्या वेशात आले होते आणि पहिल्या खेपेला नाथांना ते ओळखू आले नाहीत. मी तेवढं सांगितलं. गुरुजी पुढं काही बोलले नाहीत. पोथी बांधली आणि उठले. मी घरी येईपर्यंत मला ती व्हरांड्यातली चपलांची जोडीच दिसत होती.

पुढच्या गुरुवारी मी कचेरीतली आरती बंद केली. सोपं गेलं नाही. एकजण म्हणाला, "कुणीतरी वरून दम दिला असणार." दुसरा म्हणाला, "एका बाईसाठी देव हलवला." तसबीर मी घरी आणली, अजून माझ्या देवघरात आहे. आरती सकाळी आठला मंदिरात करू लागलो आणि दहाच्या ठोक्याला खिडकी उघडू लागलो. गुरुवारी बाजारामुळं गर्दी जास्त, म्हणून त्या दिवशी जेवणाची सुट्टी आम्ही दोघा कारकुनांनी आळीपाळीनं घ्यायची ठरवली. मला विचाराल तर माझा गुरुवार तेव्हापासून सुरू झाला.

इथं कुणी म्हणेल, मग श्रद्धा घरात ठेवावी आणि बाहेर पडताना दाराशी चपला घालतो तशी ती काढून ठेवावी, असंच ना? नाही. तसं असतं तर अवधूतांनी यदूला म्हटलं असतं, तू राजा आहेस, तुझं काय काम? आणि जनार्दनस्वामींनी नाथांना हिशेबाला बसवलंच नसतं. त्या एका पैच्या चुकीची कथा आठवा. हिशेबात एक पै जमेना. नाथ रात्रभर जागले आणि चूक सापडताच त्यांनी आनंदानं टाळी वाजवली. स्वामी पाहत होते. एका पैची चूक सापडल्यावर एवढा आनंद, तर संसाराची चूक सापडली तर केवढा होईल, अशा अर्थाचं ते बोलले आणि तिथून नाथांची वाट उघडली. स्वामींनी वही बंद कर आणि माळ घे असं सांगितलं नाही. वहीवरचं लक्ष हीच त्यांना पात्रता वाटली. ती पै सरकारची होती, नाथांची नव्हे. दुसऱ्याच्या एका पैसाठी जो रात्र जागतो, त्याला देव भेटतो, असा मी या कथेचा अर्थ घेतो.

म्हणजे श्रद्धा कचेरीत यावीच; पण भिंतीवरून नको, हातातून यावी. वेळेवर उघडणाऱ्या खिडकीतून, न अडवलेल्या कागदातून, समोरच्याशी बोललेल्या सरळ शब्दातून. ती समोरच्याला दिसली नाही तरी चालेल. त्याचं काम व्हायला हवं.

आणि समोरचा कोण, हे विचारायचं नाही. गुरुचरित्राच्या पन्नासाव्या अध्यायात बिदरच्या यवन राजाची कथा आहे. मागल्या जन्मी तो कुरवपूरचा परीट, श्रीपाद श्रीवल्लभांचा सेवक. राजवैभव पाहून मनात इच्छा उमटली, म्हणून राजा झाला. मांडीला फोड आला, तो कशानं बरा होईना, म्हणून गाणगापूरला नृसिंहसरस्वतींच्या पायाशी आला. स्वामींनी आपला माणूस ओळखला. त्याच अध्यायात त्या राजाच्या तोंडी माती एकच, भांडी अनेक असा विचार येतो. सप्ताहात आपण हा अध्याय दरवर्षी वाचतो. तो वाचून उठल्यावर परक्या धर्माच्या माणसाला व्हरांड्यात उभं ठेवता येत नाही. आणि या राजभेटीनंतर स्वामींनी राजाश्रयानं मठ मोठा केला नाही. गाणगापुरात पादुका ठेवून ते श्रीशैलाकडं निघाले. अवधूतांनी यदूकडं जे केलं, तेच स्वामींनी केलं.

आपल्या देशाचा कायदाही याच वाटेनं जातो, असं मला वाटतं. राज्यघटनेचा २५वा अनुच्छेद प्रत्येकाला आपला धर्म मानण्याचा, आचरण्याचा आणि सांगण्याचा हक्क देतो. तो सर्वांना सारखाच, आणि सार्वजनिक सुव्यवस्था, नीतिमत्ता व आरोग्य यांना धरून. व्हरांड्यातल्या बाईंना आणि मला, दोघांना एकच हक्क. मी आरती करावी यात काही वावगं नव्हतं. सरकारी वेळेत, सरकारी खिडकी बंद करून करावी, हे वावगं होतं.

आता मंदिराबद्दल, कारण सार्वजनिक जीवन म्हणजे नुसती सरकारी कचेरी नव्हे. हुंडीत पडलेला रुपयाही सार्वजनिकच. आपल्या राज्यात १९५० चा सार्वजनिक विश्वस्त व्यवस्थेचा कायदा आहे. त्याप्रमाणे देवस्थानाची नोंदणी, हिशेब आणि तपासणी धर्मादाय आयुक्तांच्या देखरेखीखाली होते. काहींना वाटतं, देवाच्या दारात सरकार कशाला? मी म्हणतो, नाथांनी एक पै शोधली; आपण एक रुपयाची पावती द्यायला का कचरावं? आमच्याकडं हुंडी पाच जणांसमोर उघडतात आणि महिन्याचा जमाखर्च फळ्यावर लावतात. फळ्याशी उभे राहून वाचणारे भक्त फार थोडे. तरी लावतो.

मागं एका निवडणुकीत एका उमेदवाराचे कार्यकर्ते आले. भक्तनिवासाच्या छताला पत्रे घालून देतो म्हणाले. बदल्यात पालखीच्या दिवशी सभामंडपात साहेबांचे चार शब्द आणि दारावर फलक. विश्वस्तांत दोन तट पडले. पत्रे गळत होते, पैसा नव्हता. मी माझ्या सवयीनं कागद पुढं केला: धार्मिक संस्थांचा दुरुपयोग रोखणारा १९८८ चा केंद्राचा कायदा. कुठल्याही धर्माच्या देवस्थानाची जागा राजकीय कामासाठी वापरायला त्यात मनाई आहे. पण कायद्यापेक्षा अवधूतांची गोष्ट जास्त उपयोगी पडली. आमचे अध्यक्ष म्हणाले, "दत्तमहाराज राजाकडून काही न घेता गेले. आपण पत्रे घेऊन बसायचं का?" नकार कळवला. साहेब दर्शनाला आले, रांगेत उभे राहिले, त्यांना इतरांसारखाच प्रसाद दिला. पत्रे पुढं दोन पावसाळे गळत राहिले. वारकऱ्यांना आम्ही सभामंडपात निजवलं. मग भक्तांच्या पाच-पाच, दहा-दहा रुपयांतून छत झालं. त्या दोन पावसाळ्यांत मला पुष्कळ बोलणी बसली, तीही श्रींचा प्रसादच.

वाचकहो, लांबण लागली. शेवटी एक विनंती. मार्गशीर्ष शुद्ध अष्टमीपासून नवरात्र सुरू होतं. पारायण, उपास, प्रदक्षिणा आपण करूच. त्यासोबत या वर्षी एक नेम धरून पाहू. ज्याच्याकडं दुसऱ्याचं काही अडकलंय, म्हणजे कागद, पैसा, सही, निरोप, कबूल केलेलं काम, त्यानं ते पौर्णिमेच्या आत मोकळं करावं. आपण बहुतेक निवृत्त माणसं. कचेरी सुटली, पण सोसायटीचा हिशेब, भावकीचा वाटणीचा कागद, भाडेकरूची अनामत यांत कुणीतरी आपल्या व्हरांड्यात उभं असतंच. जन्मकाळाला पाळणा हलवण्याआधी एकदा बाहेर डोकावून बघावं.

त्या मावशी पुढं अनेक वर्षं कधीमधी कचेरीत यायच्या. गुरुवारीच यायच्या, बाजाराच्या दिवशी. एकदा म्हणाल्या, "साहेब, तुमचं देवाचं बंद झालं व्हय?" मी म्हटलं, "नाही मावशी, चालू आहे." त्या खिडकीतून आत भिंतीकडं बघू लागल्या. तसबीर नव्हती. मी त्यांचा कागद घेतला, सही केली आणि परत दिला. घड्याळात सव्वाबारा झाले होते. त्यांना दीडची गाडी मिळाली.

अवधूत चिंतन श्री गुरुदेव दत्त!